अण्वस्त्रांचा धाक आणि चेतना

११ मे १९९८ रोजी, बुद्धपौर्णिमेस, भारताने पोखरण येथे अणुचाचण्या केल्या. ४ जानेवारी २००३ रोजी जाहीर झालेल्या धोरणानुसार भारत अण्वस्त्रांचा प्रथम वापर करणार नाही. मात्र अण्वस्त्रहल्ला झाल्यास शत्रूस असह्य हानी पोहोचविणारा प्रचंड प्रतिप्रहार करील. या धाकाने हल्लाच टळावा, हा हेतू होय.

‘भगवान बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथात बाबासाहेबांनी हत्येची इच्छा व हत्येची आवश्यकता यांत भेद केला आहे. हल्ला झाला की धाक निष्फळ ठरलेला असतो. त्यानंतर निरपराधांची नगरे जाळल्याने आपले मृत परतत नाहीत. आवश्यकता सरते, इच्छा उरते. धाक खरा वाटावा म्हणून ती इच्छा आजच बाळगावी लागते आणि धम्मात चेतना हेच कर्म होय. म्हणून प्रथम वापर न करणे हा संयम आहे. ती अहिंसा नव्हे.