उपाशी शरीर, अस्वस्थ मन

डाएट मोडलं की दोष मनोनिग्रहाला दिला जातो. हा दोषारोप अन्यायाचा आहे. 1944-45मध्ये अमेरिकेतील मिनेसोटा विद्यापीठात संशोधक अ‍ॅन्सेल कीज यांनी 36 धडधाकट तरुण स्वयंसेवकांना सहा महिने रोज सुमारे 1,570 कॅलरींवर ठेवलं. आजचे कितीतरी झटपट डाएट याहून तुटपुंजे असतात! तरुणांचं वजन पाव हिश्शाने घटलं. सोबत उदासी, चिडचिड आणि सतत अन्नाचेच विचार आले. काही जण पाककृतींची पुस्तकं वाचत बसत. पुढे भरपूर खायला मिळू लागलं, तरी काहींची भूक शमेना.

हे तरुण मुळात स्थूल नव्हते, हा आक्षेप रास्त आहे. पण ‘द बिगेस्ट लूजर’ या वजन घटवण्याच्या अमेरिकी स्पर्धेतील 14 स्थूल स्पर्धकांना स्पर्धेनंतर सहा वर्षांनी तपासलं, तेव्हा त्यांचं शरीर विश्रांतीत अपेक्षेपेक्षा रोज सुमारे 500 कॅलरी कमी खर्चत होतं आणि बहुतेकांचं वजन पुन्हा वाढलेलं होतं.