येरवड्यातली मोजणी

6 मार्च 2024 रोजी पुणे मेट्रो रूबी हॉलपासून रामवाडीपर्यंत धावू लागली. वाटेत येरवडा होतं, पण तिथलं स्थानक काही तयार नव्हतं. ते सुरू व्हायला 21 ऑगस्ट उजाडला. तोवर साडेपाच महिने येरवडेकरांच्या डोक्यावरून गाड्या न थांबता जात होत्या. स्मार्ट सिटीचंही तसंच झालं. 2016च्या पहिल्या यादीत पुणं देशात दुसरं आलं, पण नमुना म्हणून विकसित करायला निवडला गेला तो औंध-बाणेर-बालेवाडीचा पट्टा.

तरीही तंत्रज्ञान शहराला कसं घडवतं हे पाहायला येरवड्याच्या बोळांइतकी चांगली जागा पुण्यात सापडणं कठीण.

जवाहरलाल नेहरू नागरी पुनरुत्थान अभियानातून 2009च्या सुमारास इथल्या वस्त्यांमध्ये घरबांधणीचा कार्यक्रम आला. ‘स्पार्क’ ही संस्था, ‘महिला मिलन’ या वस्त्यांमधल्या महिलांच्या संघटनेतल्या बायका आणि पुण्याचे वास्तुरचनाकार प्रसन्न देसाई यांनी तो हाती घेतला. वस्ती उठवायची नाही आणि पक्क्या घरांना हात लावायचा नाही, हे आधीच ठरलं होतं. पाडायची ती फक्त पत्र्याची, कच्ची घरं, आणि त्याच जागी 270 चौरस फुटांचं घर उभं करायचं. संडास घरातच. खर्चातला दहावा हिस्सा कुटुंबाने घालायचा, बाकीचा सरकारने.

कागदावर हे सोपं दिसतं. पण समजा, एखाद्याची जागा बारा बाय बाराची आहे. म्हणजे 144 चौरस फूट. मग वर मजला चढवल्याशिवाय 270चा हिशोब जुळत नाही, आणि मजला आला की जिना आला, तो पुन्हा जागा खातो. म्हातारी सासू वर झोपणार की खाली? ओट्यावर चालणारं शिलाई मशीन कुठे जाणार? शेजाऱ्याची पक्की भिंत तर हलणार नाही. साहजिकच प्रत्येक घराचा नकाशा निराळा होतो. विटा-वाळू बोळातून डोक्यावर आणावी लागते आणि बांधकाम होईतो बिऱ्हाड दुसरीकडे हलवावं लागतं. कंत्राटदाराला परवडणारं हे काम नव्हेच.

त्याला परवडतो टॉवर. झोपडपट्टी पुनर्वसनाच्या नेहमीच्या पद्धतीत माणसं उंच इमारतीत जातात आणि मोकळ्या झालेल्या जागेवर विकासक विक्रीची घरं बांधतो. हे सगळं गणित लिफ्टवर उभं आहे. लिफ्टबरोबर एक समजूतही येते, की माणसं एकावर एक रचली तरी त्यांचं आयुष्य होतं तसंच राहतं. लिफ्टचा आणि पंपाचा महिन्याचा खर्च मात्र घर फुकट मिळालेल्या कुटुंबालाच भरावा लागतो, आणि हातगाडी काही सातव्या मजल्यावर लावता येत नाही.

वस्ती आहे तिथेच सुधारायची की पाडून नव्याने बांधायची, हा वाद शंभर वर्षांहून जुना आहे. स्कॉटलंडचे पॅट्रिक गेडिस 1914मध्ये भारतात आले आणि गावोगावच्या नगररचनेवर अहवाल लिहू लागले. जुन्या वस्तीतून सरळ रेघ ओढून रस्ता काढण्याच्या अभियंत्यांच्या सवयीवर त्यांचा रोख होता. आधी गल्लीबोळ पायी हिंडा, पडकी घरं तेवढी काढा, चार झाडांपुरती जागा मोकळी करा, असा त्यांचा आग्रह असे. पुढे 1919मध्ये ते मुंबई विद्यापीठात समाजशास्त्राचे प्राध्यापक झाले.  येरवड्यात जे घडलं त्यात गेडिस यांना आपलंच म्हणणं दिसलं असतं.

पण म्हणून यंत्राला नावं ठेवायचं कारण नाही. प्रतिमा जोशी यांच्या ‘शेल्टर असोसिएट्स’ने पुण्यातल्या वस्त्या उपग्रहाची चित्रं आणि संगणकीय नकाशे वापरून घरोघर मांडल्या. सरकारी आराखड्यात जिथे नुसता डाग असायचा, तिथे कोणत्या घराला संडास नाही आणि कोणत्या बोळात गटार नाही हे दिसू लागलं. अर्थात ज्या नकाशावरून नळ देता येतो, त्याच नकाशावरून बुलडोझरलाही पत्ता सापडतो. म्हणूनच मोजणीच्या वेळी वस्तीतली माणसं हजर असणं महत्त्वाचं ठरतं. येरवड्यात महिला मिलनचा खरा उपयोग तिथे झाला.

2015मध्ये प्रधानमंत्री आवास योजना आली. आहे त्याच जागी पुनर्विकास हा तिचा एक घटक होता, पण त्यात जमीन हेच भांडवल धरून विकासकाला बोलावलं जायचं. आपलं घर आपण बांधण्यासाठीही अनुदान आहे. त्यासाठी जागेच्या हक्काचा कागद दाखवावा लागतो, आणि बहुतेक वस्त्यांमध्ये नेमका तोच नसतो.