डोळ्यांत थेंब कशाला?

डोळ्याच्या मधोमध काळा ठिपका दिसतो ना, ती बाहुली. खरे तर ते भोक आहे. उजेडात ते बारीक होते, अंधारात मोठे. धोतऱ्याचा रस डोळ्यात गेला तरी बाहुली मोठी होते. म्हणून धोतरा उपटलेल्या हाताने डोळा चोळू नये.

डॉक्टर थेंब घालून बाहुली मुद्दाम मोठी करतात. दार उघडल्याशिवाय घरातले दिसेल कसे? डोळ्यात मागे पडदा असतो. मधुमेहाने तो खराब होतो. दुखत नाही, म्हणून आधी कळतही नाही. थेंबांनंतर अर्धा तास बसावे लागते. पुढे चार-सहा तास जवळचे धुरकट दिसते, ऊन सोसत नाही. घाबरू नका, नजर गेलेली नाही. मात्र सोबतीला माणूस न्या आणि त्या दिवशी गाडी चालवू नका.