पांढऱ्या पट्टीचा कारखाना

शिरोड्यासारख्या कोकणातल्या गावी देवळात भजन रंगते तेव्हा बुवांची बोटे पेटीच्या काळ्या-पांढऱ्या पट्ट्यांवर कशी धावतात, हे तुम्ही पाहिले असेल. पियानोलाही अशाच पट्ट्या असतात. ५२ पांढऱ्या आणि ३६ काळ्या. आज पांढऱ्या पट्टीवर प्लास्टिक असते. पूर्वी चांगल्या पियानोवर हस्तिदंताचा पातळ काप चिकटवीत. हस्तिदंत थोडा घाम शोषून घेतो, म्हणून बोट घसरत नसे.

असे भाग बनविणारे कारखानेही वेगळे असत. अमेरिकेच्या कनेक्टिकट राज्यात डीप रिव्हर नावाचे लहान गाव आहे. तेथे प्रॅट, रीड आणि कंपनी पियानोच्या पट्ट्या बनवी. १८८१ साली कारखाना जळाला. त्या जागी विटांची मोठी इमारत उभी राहिली. या धंद्यावरून शेजारच्या वस्तीला नावच पडले आयव्हरीटन, म्हणजे हस्तिदंताचे गाव!

हस्तिदंत मुळात पिवळसर. मग तो शुभ्र कसा होई? त्याच्या कापांवर हायड्रोजन पेरॉक्साइडची क्रिया करून ते काचेच्या छपराखाली कित्येक आठवडे उन्हात ठेवीत. शिरोड्याच्या मिठागरात ऊन पाण्याची वाफ करते आणि मीठ मागे राहते. येथे उन्हाचे काम निराळे. पेरॉक्साइडमुळे रंगीत द्रव्याचे ऑक्सिडीभवन होते आणि प्रकाश त्या क्रियेला मदत करतो.

पण हा दात येई कोठून? पूर्व आफ्रिकेच्या अंतर्भागात हत्ती मारले जात. माणसे, त्यांत अनेक गुलाम, ते दात डोक्या-खांद्यांवरून किनाऱ्यापर्यंत वाहून आणीत. तेथून झांझिबार बंदरामार्गे माल अमेरिकेस जाई.

पुढे दुसरे महायुद्ध आले. पियानोची मागणी मागे पडली. तेव्हा याच कंपनीने सैन्यासाठी सीजी-४ए जातीचे ग्लायडर, म्हणजे इंजिन नसलेली विमाने, बांधली. पट्ट्या करणाऱ्यांना विमान कसे जमले, असे तुम्ही विचाराल. या ग्लायडरचे पंख लाकडाचे होते. लाकूड बिनचूक कापणे आणि सांधा घट्ट चिकटविणे हे काम त्या कारागिरांच्या हातात मुरलेले होते.

युद्धानंतर प्लास्टिकने हस्तिदंताची जागा घेतली. डीप रिव्हरची ती इमारत मात्र पाडली गेली नाही. १९८० नंतरच्या दशकात तिच्यात राहण्याची घरे झाली. प्रकाशासाठी ठेवलेल्या मोठ्या खिडक्या आणि प्रशस्त मजले घरांनाही सोयीचे ठरले.

इमारत पुन्हा वापरात आली, कारागिरी दुसऱ्या कामी आली. मारलेले हत्ती मात्र परत आले नाहीत. हस्तिदंताच्या आंतरराष्ट्रीय व्यापारावर बंदी घालण्याचा निर्णय व्हायला १९८९ साल उजाडले.

आता एक काम तुमच्यासाठी. आपल्या भागात बंद पडलेला एखादा कौलांचा कारखाना किंवा गिरणी शोधा. तिथल्या जुन्या कामगारांना विचारा: येथे कच्चा माल कोठून येई, आणि तुमच्या हातात कोणते कौशल्य होते? उत्तरे वहीत लिहा व वर्गात वाचून दाखवा.