नूडल, मेबल आणि सकाळची शिफ्ट

सकाळी ६. रात्रपाळीच्या एडिटरकडून मशीन ताब्यात घेते. वृत्तवाहिनीतला व्हिडिओ एडिटर कच्चं फुटेज आधी स्वतः बघतो, मग ते लोकांना दाखवण्याजोगं करतो.

६.४०. महामार्गावरच्या अपघाताचं फीड. चेहरे ब्लर करायचे, तर फ्रेम थांबवून, मोठी करून बघावी लागते. सातच्या बुलेटिनला जातं.

९. चहा. मोबाइलवर नूडल. न्यूयॉर्कचा हा म्हातारा पग २०२१ मध्ये टिकटॉकवर गाजला. आपल्याकडे टिकटॉक आधीच बंद झालेलं, त्यामुळे मला तो इन्स्टाग्रामवर भेटला. मालक जोनाथन ग्राझियानो सकाळी त्याला अंथरुणातून उचलून उभं करायचा. नूडल उभा राहिला तर दिवस चांगला. त्यानं अंग टाकून दिलं तर त्या दिवशी आपणही जिवाला जपायचं. डिसेंबर २०२२ मध्ये, चौदाव्या वर्षी तो गेला. जुने व्हिडिओ मी अजून बघते, त्यातही तो आडवा होतो तेच जास्त. कारण त्याला कुणी रागावत नाही, पडू देतात.

१० ते १. बातम्यांची पॅकेजेस, एकामागून एक.

१.३०. डबा, आणि सोबत ऑलिव्ह-मेबल. अँड्र्यू कॉटर हा स्कॉटिश क्रीडा समालोचक. मार्च २०२० मध्ये कोरोनामुळे सामने थांबले, तेव्हा त्यानं घरच्या या दोन लॅब्रॅडॉरच्या खाण्याचं धावतं समालोचन केलं. आवाजात अंतिम सामन्याची चुरस, आणि दोघींचं लक्ष फक्त आपापल्या भांड्यात! कॅमेरा समोर आला की माणूस बदलतो. नेता बदलतो, रडणारा नातेवाईकसुद्धा क्षणभर सावरतो. दिवसभर मी ते बदललेले चेहरे कापते, जोडते. मेबलला आपण प्रसिद्ध आहोत हे ठाऊकच नाही. तिच्या चेहऱ्यामागे मला काही शोधावं लागत नाही, तिथेच माझे खांदे सैल होतात.

गॉगल-टोपी घालून नाचवलेले कुत्रे मात्र मी बघत नाही. मागे पाडलेले कान, सारखे चाटलेले ओठ ही अस्वस्थ जनावराची लक्षणं असतात. त्यांना लाइक देणं मला पटत नाही.

२.४५. दुपारच्या शिफ्टचा नवा मुलगा येतो. त्याच्या वाट्याला आज पुराचं फुटेज. मी मेबलची लिंक पाठवते.

"ताई, हे कुठल्या बुलेटिनला?"

"बुलेटिनला नाही रे, तुला. सहाचं बुलेटिन गेलं की पाच मिनिटं काढ आणि बघ."