‘बिकॉज’, ‘सिन्स’ की ‘अ‍ॅज’? सिनॉप्सिसमध्ये कारण नेमकं कसं लिहायचं

पीएचडीचा सिनॉप्सिस इंग्रजीत लिहायला बसलं की पहिल्याच पानावर कारणं सांगावी लागतात. हा विषय का, हा तालुका का, हे पीक का. मराठीत आपलं काम ‘कारण’, ‘म्हणून’ आणि ‘-मुळे’ यांवर बऱ्यापैकी भागतं. इंग्रजीत मात्र ‘बिकॉज’, ‘सिन्स’, ‘अ‍ॅज’, ‘फॉर’ असे चार जण उभे असतात, आणि शब्दकोशात चौघांपुढेही ‘कारण’ हाच अर्थ सापडतो. मग आपण एकच शब्द परत परत नको म्हणून ते आलटून पालटून वापरतो. निबंधात ते चालून जातं. संशोधनात नाही चालत. उदाहरणं आपल्या यवतमाळचीच घेऊ, म्हणजे कपाशीची.

हे वाक्य बघा : ‘सिन्स बीटी कॉटन वॉज इंट्रोड्यूस्ड, द कॉस्ट ऑफ कल्टिव्हेशन हॅज रिझन.’ याचा अर्थ काय? बीटी आल्यापासून खर्च वाढला, की बीटी आल्यामुळे वाढला? भारतात बीटी कापसाला मार्च २००२ मध्ये परवानगी मिळाली. त्यानंतर खर्च वाढला, हे फक्त काळाचं विधान झालं. मजुरी वाढली, खतं महागली, डिझेल महागलं, हे सगळं त्याच काळात झालं. पण वाचणारा ‘मुळे’ असा अर्थ घेऊ शकतो, आणि व्हायव्हाला पहिला प्रश्न तिथेच येतो : पुरावा कुठे आहे? माझं मत विचाराल तर प्रबंधात ‘सिन्स’ काळासाठीच राखून ठेवा, ‘सिन्स २००२’ असा. कारण सांगायचं असेल तर सरळ ‘बिकॉज’ लिहा. साधा शब्द आहे म्हणून लाजायचं काही कारण नाही.

‘अ‍ॅज’चंही तसंच. २०१७ च्या खरिपात आपल्या जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा होऊन वीसहून अधिक शेतकरी-शेतमजूर दगावले. त्या वर्षी बऱ्याच ठिकाणी कपाशी माणसाच्या उंचीच्या वर गेली होती, हे तेव्हाच्या बातम्यांत वारंवार आलं. आता ‘अ‍ॅज द प्लँट्स ग्रू टॉलर, वर्कर्स स्प्रेड अबव्ह देअर हेड्स’ असं लिहिलं तर? झाडं वाढत गेली तसतसे, झाडं वाढत असताना, की झाडं वाढल्यामुळे? तिन्ही अर्थ निघतात. विषबाधेचं कारण शोधणाऱ्या लेखात हा गोंधळ परवडत नाही.

मग ‘अ‍ॅज’ आणि ‘सिन्स’ टाळायचेच का? तसं नाही. वाचणाऱ्याला आधीच माहीत असलेली गोष्ट सुरुवातीला सांगून पुढे जायचं असेल तर ते छान बसतात : ‘अ‍ॅज यवतमाळ इज लार्जली रेनफेड...’ जिल्हा बराचसा कोरडवाहू आहे हे सगळ्यांना ठाऊक आहे, जोर पुढच्या भागावर आहे. उलट कारण हीच नवी माहिती असेल, म्हणजे तुमचा निष्कर्षच असेल, तर ‘बिकॉज’ घ्या आणि ते वाक्याच्या शेवटाकडे ठेवा. ‘का?’ या प्रश्नाला ‘बिकॉज’नेच उत्तर देतात, ‘सिन्स’ने देत नाहीत. ‘फॉर’ जुन्या वळणाचा आहे आणि वाक्याच्या सुरुवातीला कारण म्हणून येत नाही. सोडून दिला तरी काही बिघडत नाही.

खरी गंमत नकारात आहे. ‘द फार्मर्स डिड नॉट स्विच टु सोयाबीन बिकॉज ऑफ द प्राइस.’ भाव परवडत नव्हता म्हणून शेतकरी सोयाबीनकडे वळले नाहीत, हा एक अर्थ. शेतकरी वळले, पण भावामुळे नव्हे, दुसऱ्याच कशामुळे, हा दुसरा. एकात सोयाबीन पेरलं आहे, एकात नाही! मराठीत हे वेगळं ठेवता येतं : ‘भावामुळे वळले नाहीत’ आणि ‘वळले ते भावामुळे नाही’. इंग्रजीत पहिल्या अर्थासाठी ‘बिकॉज ऑफ द प्राइस’ वाक्याच्या सुरुवातीला आणा. दुसऱ्यासाठी ‘स्विच्ड, बट नॉट बिकॉज ऑफ द प्राइस’ असं फोडून लिहा.

अजून एक बारकावा. ‘रात्री पाऊस झाला असणार, कारण माती ओली आहे.’ माती ओली असल्यामुळे पाऊस पडत नाही. इथे ‘कारण’ म्हणजे पुरावा. ‘बीटीच्या बोंडांत गुलाबी अळी सापडली’ हे अळी प्रतिकारक्षम झाल्याचं कारण नाही, फार तर खूण आहे (आणि तीही पुरेशी नाही, बियाणं भेसळीचं असू शकतं). इंग्रजीत ‘वुई इन्फर फ्रॉम’ किंवा ‘धिस सजेस्ट्स’ लिहिलं की पुरावा आणि कारण वेगळे होतात.

आपल्या सवयीच्या चुका पटकन सांगतो. ‘ज्याअर्थी... त्याअर्थी’च्या चालीवर ‘अ‍ॅज... सो’ किंवा ‘बिकॉज... देअरफोर’ अशी जोडी लावू नका, एकच पुरे. ‘द रीझन इज बिकॉज’ ऐवजी ‘द रीझन इज दॅट’. ‘कारण पाऊस उशिरा आला.’ हे मराठीत सुटं वाक्य चालतं. इंग्रजी प्रबंधात ‘बिकॉज द रेन वॉज लेट.’ एवढंच सुटं ठेवू नका. आणि ‘ड्यू टू’ व ‘बिकॉज ऑफ’ यांच्यानंतर नाम येतं, अख्खं वाक्य नाही.

हे सगळं नुसतं व्याकरण वाटत असेल तर शेतकरी आत्महत्येचा सरकारी निकष आठवा. एक लाख रुपयांच्या मदतीसाठी प्रकरण पात्र की अपात्र, हे नापिकी, कर्जाची परतफेड न करता येणं आणि परतफेडीचा तगादा या कारणांवर ठरत आलं आहे. कर्ज बँकेचं किंवा मान्यताप्राप्त सावकाराचं लागतं. घरचे म्हणतात ‘कर्जामुळे’, पण कर्ज खासगी सावकाराचं असेल तर कागदावर तो ‘मुळे’ बसत नाही. एका प्रत्ययावर एका घराची मदत अडते.

संशोधनातही हाच पेच पडतो. बीटी कापसामुळे आत्महत्या वाढल्या का, या प्रश्नावर आंतरराष्ट्रीय अन्न धोरण संशोधन संस्थेच्या २००८ च्या निबंधात ग्वियोम ग्रूएर आणि सहकाऱ्यांनी म्हटलं की बीटी कापूस हे आत्महत्यांचं ना आवश्यक कारण आहे, ना पुरेसं. वाद तिथे संपला नाही, पण मांडणी शिकण्यासारखी आहे. त्यांनी ‘कारण’ या एका शब्दाचे दोन तुकडे केले आणि प्रत्येक वेगळा तपासला.

म्हणून फील्डवर्कच्या तक्त्यात ‘रीझन’ असा एकच रकाना ठेवू नका. तीन करा : कुटुंबाने सांगितलेलं, महसूलच्या नोंदीतलं, आणि तुम्ही काढलेलं. पहिल्यासाठी लिहा ‘द फॅमिली अ‍ॅट्रिब्यूटेड इट टु’, दुसऱ्यासाठी ‘द रेकॉर्ड स्टेट्स’. ‘बिकॉज’ फक्त तिसऱ्यासाठी, तोही पुरावा हातात असेल तर.