मुक्काम रुळांवरचा

उतारू फलाटावर उतरला की रेल्वेचे काम संपले, असे आपण धरून चालतो. पुढे त्याने कुठे जेवायचे, कुठे पाठ टेकायची, हा त्याचा प्रश्न! जपानमधल्या खासगी रेल्वे कंपन्यांनी मात्र याच प्रश्नाचा धंदा केला.

इचिझो कोबायाशी हे या वाटेचे आद्य प्रवासी. १९१० साली ओसाकाहून ताकाराझुकाकडे त्यांची विजेची गाडी धावू लागली. वाटेत शेते, वस्ती विरळ; तिकिटे काढणार कोण? कोबायाशींनी रुळांलगत घरे बांधून हप्त्याने विकली. ताकाराझुकाला गरम पाण्याची स्नानगृहे आली, १९१४ मध्ये मुलींचे नाट्यपथक रंगमंचावर आले, १९२६ मध्ये हॉटेल उघडले. कामाच्या दिवशी गाडी शहराकडे भरून जाई, सुटीच्या दिवशी उलट दिशेने! त्या रोपट्यातूनच आजच्या हांक्यू-हानशिन समूहाची हॉटेले उभी राहिली. तोक्यू, सेइबू या रेल्वे समूहांनीही पुढे हीच वाट धरली.

आपल्याकडे हे अगदीच नवे होते असे नाही. नागपूरचे नाव मिरवणाऱ्या बंगाल-नागपूर रेल्वेने पुरीच्या समुद्रकाठी १९२५ मध्ये हॉटेल चालवायला घेतले होते. स्थानकांवरची विश्रामगृहे तर कित्येक पिढ्यांनी पाहिली. नोव्हेंबर २०२१ मध्ये मुंबई सेंट्रलवर भारतीय रेल्वेतले पहिले ‘पॉड हॉटेल’ सुरू झाले. एका माणसापुरत्या या खोपटीची कल्पनाही जपानचीच; तिचा जन्म १९७९ साली ओसाकाच्या उमेदा भागात झाला.

पण महाराष्ट्राने घडवलेले खरे रेल्वे-हॉटेल चाकांवरचे आहे. राज्य पर्यटन विकास महामंडळ आणि भारतीय रेल्वे यांची ‘डेक्कन ओडिसी’ जानेवारी २००४ मध्ये निघाली. शयनकक्ष, भोजनगृह, मद्यगृह सारे गाडीतच. सुरुवातीच्या कार्यक्रमपत्रिकेत जयगड, गणपतीपुळे, रत्नागिरी, सिंधुदुर्ग अशी नावे होती. शास्त्री नदीच्या मुखावरचे जयगड, जिथे रूळ पोहोचले नाहीत, ते एका राजेशाही गाडीच्या पत्रिकेत झळकले! करोनाकाळात थांबलेली ही गाडी सप्टेंबर २०२३ मध्ये पुन्हा सुरू झाली.

मात्र इथेच जपानच्या आणि आपल्या हिशेबात फरक पडतो. कोबायाशींचे हॉटेल मार्गाच्या टोकाला रुजले होते. पाहुणा तिथे राहिला की त्याचा पैसा त्या गावात फिरे. ओडिसीचा पाहुणा बिछाना बरोबर घेऊनच येतो. किल्ल्याचा बुरूज, खाडीचे मुख पाहावे आणि रात्री आपल्या डब्यात परतावे. गावाच्या वाट्याला काय? छायाचित्र!

जयगडला पंचतारांकित इमारत हवी, असा याचा अर्थ नव्हे. पर्यटन महामंडळाची निवास-न्याहारी योजना आहेच. रत्नागिरी स्थानकावर उतरणाऱ्या साध्या कुटुंबाला जयगडपर्यंत वेळेवर वाहन मिळावे, तिथल्या एखाद्या घरी स्वच्छ खोली आणि गरम भाकरीबरोबर ताज्या मासळीचे कालवण मिळावे. शिवाय फेरीबोटीने खाडी ओलांडून तवसाळला जाता येते, तेव्हा दोन दिवसांचा बेत सहज होतो. गाडी माणसे आणून सोडते. त्यांनी एक रात्र थांबावे, एवढी सोय गावाच्या हाती असली पाहिजे. कोकणातल्या घराला पाहुणचार शिकवावा लागत नाही. त्या पाहुणचाराची वाट मात्र स्थानकापासून आखावी लागेल.